‘डोनेशन’ची फेरतपासणी

ॲड. इंदुमती पवळे पंचाहत्तर वर्षांच्या झाल्या, हे त्यांना स्वतःला मान्य नाही. या गौरवग्रंथासाठी लेख लिहिते आहे म्हटल्यावर त्या म्हणाल्या, “लिही, पण पाल्हाळ लावू नकोस. वाचणाऱ्यांना कामं असतात.” बाईंच्या हाताखाली घडले आहे, तेव्हा प्रयत्न करते.

वकिलीची सनद नुकतीच मिळाली होती, तेव्हा भिंगारहून स्कूटीवर मी पहिल्यांदा त्यांच्या नगरच्या ऑफिसात गेले. मी लिहिलेला दावा त्यांनी मला उभ्यानेच मोठ्याने वाचायला लावला आणि विचारलं, “हे तुझ्या आईला कळेल का?” नाही म्हटलं. “मग ज्याचा दावा आहे त्याला कसं कळणार?” पक्षकाराला दावा त्याच्या बोलीत वाचून दाखवल्याशिवाय सही घ्यायची नाही, हा बाईंचा शिरस्ता. त्यापायी जेवणाची वेळ टळते, आम्ही ज्युनिअर कातावतो आणि बाई आमच्यावर कातावतात. त्यांचा राग नाकावर असतो, हे या ग्रंथात कुणीतरी लिहायलाच हवं होतं.

वैद्यकीय कॉलेजांच्या फीच्या भांडणांत अडकलेली मुलं जिल्हाभरातून त्यांच्याकडे येतात. त्यांतली एक वैशाली. तिचे वडील रंगनाथराव काष्टीच्या बैलबाजारात कासरे आणि घुंगरं विकतात. पोरगी डॉक्टर झाली, पण कॉलेजने फी बाकी असल्याचं सांगून तिची मूळ कागदपत्रं अडकवून ठेवली. कागदपत्रं नाहीत म्हणून नोंदणी नाही, नोंदणी नाही म्हणून नोकरी नाही, आणि शैक्षणिक कर्जाचे हप्ते मात्र सुरू. प्रवेशाच्या वेळी वडिलांनी भरलेली रक्कम ही संस्थेला राजीखुशीने दिलेली देणगी होती, फी अजून यायचीच आहे, असा कॉलेजचा दावा होता.

समोरचे वकील सारख्या पुढच्या तारखा मागत. बाईंनी मात्र स्वतःसाठी कधीच तारीख मागितली नाही. अंगात ताप असतानाही त्या कोर्टात उभ्या राहिल्या. “आपली एक तारीख म्हणजे त्या पोरीचा एक हप्ता,” असं म्हणायच्या.

दावा वाचून दाखवताना रंगनाथराव दर खेपेला फीला ‘डोनेशन’ म्हणत. मी घाबरून म्हटलं, “काका, कोर्टात फी म्हणा हं.” बाई माझ्यावर कडाडल्या, “साक्षीदाराच्या तोंडात आपला शब्द कोंबायचा नाही! ते बोलतात तसंच बोलू दे.”

आणि व्हायचं तेच झालं. उलटतपासात समोरच्या वकिलांनी विचारलं, “प्रवेशाच्या वेळी डोनेशन दिलंत ना?” रंगनाथराव छातीठोकपणे म्हणाले, “व्हय, दिलं की! समदं दिलं.” वकील हसत खाली बसले. मागच्या बाकावर वैशालीने ओढणी तोंडावर धरली.

बाई फेरतपासणीसाठी, म्हणजे आपल्याच साक्षीदाराला पुन्हा विचारण्यासाठी, सावकाश उठल्या.

“मुलीला बालवाडीत घातलं तेव्हा काय भरलंत?”

“डोनेशन.”

“दहावीच्या परीक्षेला?”

“डोनेशनच की. समद्याच पोरांनी भरलं.”

“मग फी म्हणजे काय?”

“फी डाक्टरची आसती, न्हाईतर वकिलाची. शाळंत डोनेशन आसतं.” मग जरा थांबून ते न्यायाधीशांकडे वळले. “पर सायेब, ह्या बाईंनी आमची फी अजून घेतलीच न्हाई.”

न्यायाधीशांनाही हसू आवरेना. बाई तेवढ्या लाजून फायलीत डोकं घालून बसल्या. रंगनाथरावांच्या तोंडी डोनेशन म्हणजे फीच, हे कोर्टाला पटलं आणि निकाल वैशालीच्या बाजूने लागला. कागदपत्रं हाती पडल्यावर बापलेक ऑफिसात आले. बाईंनी त्यांच्याकडून घुंगरांची एक माळ तेवढी ठेवून घेतली. ती आजही ऑफिसच्या दारावर आहे.

डॉ. वैशाली आता नगरलाच दवाखाना चालवतात. बाईंचं ब्लडप्रेशर त्याच तपासतात आणि मीठ कमी करा म्हणून दटावतात. ज्यांना भले भले वकील दबकून असतात, त्या आमच्या बाई तिथं मुकाट ऐकून घेतात. फी किती विचारलं की डॉक्टर हसून म्हणतात, “फी नको, डोनेशन द्या.” ते पाहताना दर वेळी माझे डोळे भरून येतात.

बाई, उदंड जगा. मीठ कमी करा, वेळेवर जेवा. आयुष्यभर तुम्ही स्वतःसाठी एकही तारीख मागितली नाहीत. वरच्या कोर्टाचं बोलावणं आलं की मात्र खुशाल पुढची तारीख मागा, आणि मग त्याच्याही पुढची मागा. कारण विचारलं तर सांगा, कागद अडकलेली पोरं अजून बाहेर बसली आहेत.