व्यापाऱ्याच्या कागदावरचा दुसरा कोड

नोकरीतले कितीतरी गुन्हे आता नावागावासकट विसरून गेलो. हे प्रकरण मात्र विसरायचं म्हटलं तरी जमत नाही, कारण यातली पहिली मोठी चूक मीच केली होती.

निवृत्तीला थोडी वर्षं उरली होती आणि माझ्याकडे नाशिक ग्रामीणमधल्या, दिंडोरीच्या बाजूच्या एका ठाण्याचा चार्ज होता. द्राक्षाचा हंगाम ऐन भरात होता. सकाळची हजेरी आटोपून स्टेशन डायरी वाचत बसलो होतो, तेवढ्यात ठाणे अंमलदार घाईने आत आला.

"साहेब, बाजारपेठेत मेडिकलपाशी गर्दी जमलीये. दगड पडायला लागलेत."

झालं होतं असं. पिंपळगाव बसवंतच्या एका पॅकहाऊसमध्ये द्राक्षं भरायला जाणारी गावातली एक बाई होती. तिला फिट्सचा आजार होता. रोज एक गोळी घ्यायची, आणि त्या गोळीवर सहा वर्षांत तिला एकदाही फिट आली नव्हती. त्या आठवड्यात तीन आल्या. तिसऱ्या वेळी ती क्रेटच्या थप्पीवर कोसळली आणि डोक्याला खोक पडली. तिच्या नवऱ्याने पाकीट डॉक्टरांना दाखवलं. त्यांनी एक गोळी बोटांत धरून जराशी दाबली, तर तिची भुकटी झाली. "हे औषध नाही," एवढंच डॉक्टर म्हणाले. अर्ध्या तासात ते गावभर झालं.

मी पोचलो तेव्हा दुकानाची काच फुटली होती. साठीकडे झुकलेला मेडिकलवाला बिलांची फाइल छातीशी धरून काउंटरमागे उभा होता. तीस वर्षं त्याने त्याच जागी दुकान चालवलं होतं.

"साहेब, आधी हे बघा," तो म्हणाला.

मी बघितलं नाही. जमाव शांत करायचा आम्हा पोलिसांचा सगळ्यात सोपा उपाय म्हणजे कुणाला तरी उचलून जीपमध्ये बसवणं. "चल, बस गाडीत," असं मी माझ्याहून वयाने मोठ्या माणसाला अख्ख्या बाजारपेठेसमोर म्हणालो. गर्दीने टाळ्या वाजवल्या, आणि खोटं कशाला बोलू, मला त्या टाळ्या आवडल्या.

औषध निरीक्षक आले. नमुने घेतले, पंचनामा झाला, दुकानाला सील लागलं. कोर्टाने पाच दिवसांची पोलीस कोठडी दिली.

चौकशीत मी त्याला बरंच दटावलं. इतक्या वर्षांत एक गोष्ट माझ्या पक्की लक्षात आली होती. ज्याने गुन्हा केलाय तो कोठडीत स्वतःविषयी विचारतो: जामीन कधी, वकील कुठे, घरी कळवलं का. या गृहस्थाने पहिल्या दिवशी मला एकच प्रश्न तीनदा विचारला.

"साहेब, या बॅचची खोकी आणखी कुठल्या दुकानांत गेली, तिकडे फोन केलात का? लोक रोज खातायत हो त्या गोळ्या."

तिसऱ्यांदा त्याने विचारलं तेव्हा मी खुर्ची मागे सरकवून उठलो आणि बाहेर जाऊन तोंडावर पाणी मारलं. मग ती फाइल मागवली. माल ज्या बिलावर आला होता ते बिल त्यात होतं, बॅच नंबरसह, नाशिकच्या एका घाऊक व्यापाऱ्याचं. औषध निरीक्षकांनी लगेच आसपासच्या दुकानांना ती बॅच थांबवायला कळवलं. माझ्या डोक्यात एकच हिशेब राहिला. चार दिवसांत खऱ्या माणसापर्यंत पोचलो नाही, तर हा म्हातारा तुरुंगात जाणार आणि जन्मभर गावात औषध म्हणून खडूची भुकटी विकणारा म्हणून ओळखला जाणार. त्याला तिथे मी नेऊन ठेवला होता, तेव्हा बाहेरही मीच काढायला हवा होता.

व्यापाऱ्याचं ऑफिस चकाचक होतं. स्वतः माणूसही तसाच, इस्त्रीचा शर्ट, तोंडात साखर. चहा आला, बिस्किटं आली. भिंतीवर औषध विक्रीचा परवाना आणि शेजारी उद्योग नोंदणीचं प्रमाणपत्र, दोन्ही फ्रेम करून लावलेले.

"सर, आम्ही बनवत काहीच नाही. कंपनीकडून घेतो, मेडिकलला देतो. आमचा माल बरोबरच गेला. पुढे त्याने काय मिसळलं, आम्हाला काय माहीत?"

त्याने परराज्यातल्या एका कंपनीची खरेदीची बिलंही दाखवली. ती कंपनी खरी की खोटी हे तपासायला तिकडे पथक पाठवायला हवं होतं, आणि तेवढे दिवस माझ्याकडे नव्हते. मी परतलो तो चिडूनच.

दुसऱ्या दिवशी गावातलाच एक टेम्पोवाला ठाण्यात आला. द्राक्षाच्या फेऱ्या नसतील तेव्हा तो त्या व्यापाऱ्याचा माल वाहायचा. ती जखमी बाई त्याच्या गल्लीतली. बराच वेळ तो दारातच घुटमळत राहिला. मी त्याला बसवलं, चहा दिला.

"साहेब, माझं नाव कुठं येता कामा नाय."

"नाही येणार. बोला."

"त्याच्या गोदामातून माल भायेर जातो, तो मी लय वेळा नेलाय. पण आत येताना मी कधी बघितला नाय. मी ड्रायव्हर माणूस, मला काय कळतं? पण माल आलाच नाय तर जातो कुठून?"

त्याचा प्रश्न बिनतोड होता. माल बाहेरून येत नसेल तर तो जवळच कुठेतरी तयार होतो. पण कुठे? नाशिकच्या आसपास हजारो गाळे, शेड, गोदामं. दार दार ठोठावत बसलो असतो तर बातमी आमच्या आधी पोचली असती.

दुपारी मी फायली पसरून बसलो होतो. आमच्या ठाण्यातल्या एका महिला हवालदारांनी व्यापाऱ्याच्या ऑफिसात काढलेले फोटो टेबलावर ठेवले आणि त्या नोंदणीच्या प्रमाणपत्रावर बोट ठेवलं. त्यांच्या भावाचं अंबडला, नाशिकच्या औद्योगिक वसाहतीत, लेथचं वर्कशॉप होतं.

"साहेब, हा पाच आकडी कोड बघा. धंदा कसला, ते यावरून कळतं. सेहेचाळीसने सुरू होतो म्हणजे घाऊक विक्री. आपल्या मेडिकलवाल्याचा सत्तेचाळीसने, किरकोळ दुकान."

"मग बरोबरच आहे की त्याचं."

"याच्यावर बरोबर आहे. पण साहेब, हा माणूस कुठे गोळ्या पाडत असेल तर त्याला मशीन चालवायला जागा लागणार आणि थ्री फेज वीज लागणार. अंबडला नुसत्या व्यापाराच्या कोडवर गाळा मिळवायला गेलं की हाकलून देतात. माझ्या भावाला माहितीये. कारखान्याचा कोड लागतो. मग लोक काय करतात, त्याच नोंदणीत मागाहून दुसरा कोड घालून घेतात. भिंतीवर लावलाय तो जुना प्रिंट आहे. ताजा काढून बघू या."

तीस-पस्तीस वर्षं मी माणसांच्या चेहऱ्यावरून, चालीवरून, चपलांवरून अंदाज बांधले होते. कागदाच्या खालच्या बाजूला असले आकडे असतात हे मला माहीत होतं. ते वाचायचे असतात हे मला त्या बाईंनी शिकवलं.

त्याच दिवशी पत्र घेऊन दोघं जिल्ह्याच्या उद्योग कार्यालयात गेलो. तिथल्या कारकुनाने संगणकावर ताजी नोंद काढली. पहिली ओळ तीच, घाऊक औषध विक्री. खाली वर्षभरापूर्वी वाढवलेली दुसरी ओळ, आणि तिचा कोड एकवीसने सुरू होत होता.

"हा कशाचा?" मी विचारलं.

"औषधं बनवण्याचा," कारकून म्हणाला. "आणि कारखान्याचा पत्ता अंबडचा दिलाय, गाळा नंबरसहित."

बाहेर आल्यावर हवालदार बाई हसू दाबत म्हणाल्या, "साहेब, एवढं सरळ कोण लिहून देतं?" मलाही तोच प्रश्न पडला होता. आणि नुसत्या कोडने गुन्हा सिद्ध होत नाही हेही ठाऊक होतं.

अंबड शहर पोलिसांच्या हद्दीत येतं. रीतसर कळवलं, त्यांचं मनुष्यबळ घेतलं, औषध निरीक्षक आणि दोन पंच सोबत घेतले आणि दुसऱ्या दिवशी भर दुपारी, जेवणाच्या सुट्टीत गल्ली मोकळी असताना, गाळ्यावर छापा घातला. शटर अर्धं उघडं होतं. आत गोळ्या पाडायचं मशीन, पाकिटाच्या चंदेरी पट्टीचे रोल, पांढऱ्या भुकटीची पोती आणि बॅच नंबरचा शिक्का. शिक्क्यावरचा नंबर मी दोनदा ताडून पाहिला. मेडिकलवाल्याच्या बिलावरचाच होता. रवाना व्हायला तयार असलेली खोकी दारापाशी रचून ठेवली होती. आणखी दोन दिवस उशीर झाला असता तर ती कुठल्या कुठल्या घरात पोचली असती.

व्यापाऱ्याला आणून समोर बसवलं. तो अजून साखरेतच बोलत होता.

"सर, मी होलसेलर आहे हो."

मी ताजा प्रिंट त्याच्यापुढे ठेवला. "मोठ्याने वाचा."

त्याने फर्मचं नाव वाचलं, पत्ता वाचला.

"खालचा आकडा?"

त्याने आकडा वाचला आणि माझ्याकडे बघितलं. तो कशाचा, हे त्याला खरोखरच माहीत नव्हतं.

"मलाही परवापर्यंत माहीत नव्हता," मी म्हणालो. "आता सांगा, गाळ्याच्या दाराशी ठेवलेली खोकी कुठे जाणार होती?"

त्यानंतर तासाभरात त्याचा जबाब झाला. तो कोड कुणी घातला, तेही कळलं. नोंदणीचे अर्ज भरून देणारा एक एजंट होता, त्यालाही बोलावलं. तो घाबरला होता, पण त्याचं उत्तर सरळ होतं.

"साहेब, मी पार्टीला विचारतच नाही. मशीनचं बिल बघतो आणि त्याप्रमाणे कोड टाकतो. मागे एकाच्या तोंडी सांगण्यावर टाकला तर वीजवाल्यांनी मलाच झापलं. यांनी मशीनचं बिल दिलं, गोळ्यांचं होतं, मी गोळ्यांचा टाकला. ते म्हणाले, काही पण टाक, गाळा मिळाल्याशी मतलब."

औषधाचा परवाना देणाऱ्यांपुढे हा माणूस फक्त विक्रेता होता. जागा आणि वीज हवी तिथे त्याच्या कागदावर कारखाना होता. दोन्हीकडचे कागद कुणी कधी शेजारी ठेवून बघणार नाही, असा त्याला भरवसा होता. तो भरवसा अगदीच चुकीचा नव्हता, कारण मीही ते आपणहून बघितले नव्हते.

मेडिकलवाल्याविरुद्ध पुरावा नसल्याचा अहवाल मी स्वतः लिहिला, शब्द न शब्द, आणि कोर्टात स्वतः उभा राहिलो. त्याची सुटका झाली. व्यापाऱ्याला यथावकाश शिक्षा लागली. ती बाईही खऱ्या गोळ्यांवर बरी होऊन कामावर गेली. त्या मानाने गाव सावरायला वेळ लागला. दुकानाचं सील निघालं, नवी काच बसली, तरी गिऱ्हाईक फिरकेना. लोक एस.टी. पकडून दिंडोरीहून औषध आणत. कागदावर निर्दोष झालेला माणूस रिकाम्या दुकानात बसून होता, आणि ते बघून मला झोप लागत नसे.

मग एका सकाळी मी गणवेशात, चालत, बाजारपेठेतून त्याच्या दुकानावर गेलो. लोक थांबून बघायला लागले. मला ते हवंच होतं. आधी मी हात जोडले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालो, "काका, त्या दिवशी माझं चुकलं. तुमची फाइल बघायला हवी होती."

त्याने मान हलवली.

"आता माझ्या बीपीच्या गोळ्या द्या. महिन्याच्या."

"चिठ्ठी?"

मी पाकिटातली घडी काढून दिली. त्याने चष्मा लावला, चिठ्ठी उलटसुलट करून पाहिली आणि माझ्या हातात परत ठेवली.

"साहेब, ही मागच्या वर्षीची आहे. यावर नाही देता येणार."

"अहो, रोजच घेतो मी त्या."

"घेत असाल. वर्षभर बीपी तपासलं नाही ना? आधी डॉक्टरांना दाखवून या, नवीन लिहून आणा. मग देतो."

माझ्यामागे दहा-पंधरा माणसं जमली होती. मी काकुळतीला येऊन पुन्हा विचारलं. त्याने पुन्हा नाही म्हटलं, तितक्याच शांतपणे. मागून एक म्हातारा शेतकरी मोठ्याने म्हणाला, "आरं, फौजदाराला बी नाय दिल्या त्यानं!" लोक हसले. मीही हसलो. मग तो म्हातारा मला बाजूला सारून पुढे झाला आणि खिशातली चिठ्ठी काढून त्याने काउंटरवर ठेवली.

मी रिकाम्या हाताने परत निघालो. कोपऱ्यावरून वळताना मागे पाहिलं, तर काउंटरपाशी पाच जण उभे होते आणि काका प्रत्येकाची चिठ्ठी चष्मा लावून वाचत होता.