हमीदमामूंची भीती

हमीदमामूंना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्यांच्या गळ्यात ट्रकच्या चाकाची फुगवलेली ट्यूब होती. मुंबईहून निघालेली आमची आगबोट दुबईसमोर, किनाऱ्यापासून बरीच आत नांगर टाकून उभी होती. एकोणीसशे साठच्या दशकातली गोष्ट. तेव्हा मोठ्या बोटीसाठी धक्का नव्हता आणि अमिराती हे नावही नव्हतं. हलत्या शिडीवरून खालच्या लाँचमध्ये उतरायचं. लग्नानंतर नवऱ्याकडे निघालेली मी, बुरख्याचा घोळ एका हातात धरून उतरले, तर समोर पांढऱ्याशुभ्र कपड्यातले, सोनेरी काड्यांचा चष्मा लावलेले एक गृहस्थ, गळ्यात ट्यूब घालून, लाँचच्या बरोबर मधोमध बसलेले.

"रझिया ना तू? मी युसुफचा मामू. हतं मदी बस. कडेला नको. मना भिती लागते."

मी म्हटलं, "मामू, तुम्हाला पोहता येत नाही का?"

"येतो ना! खाडीकाठचा हाय मी. पोवता येतो म्हणून तर भिती लागते. पाणी काय करतो, ता मना ठाऊक हाय."

मामू म्हणजे माझ्या नवऱ्याचे सख्खे मामा. गाव श्रीवर्धनच्या बाजूला. एका जपानी कंपनीची नायलॉनची मासेमारीची जाळी ते दुबईच्या देरा भागात विकत आणि युसुफ त्यांच्याच पेढीवर होते. धंद्यात मामू पक्के, इंग्रजी फर्डं, अरबी त्याहून बरं. पण तेवढा घाबरट माणूस मी दुसरा पाहिला नाही. कुणाच्याही घरी गेले तरी दाराजवळची जागा धरायचे. देऱ्यात नवीनच वीज आली होती. मामू दिव्याचं बटण लाकडी पट्टीने दाबत. वारा सुटला की पेढी बंद. इंजेक्शनचं नाव काढलं की तापच उतरायचा.

आणि हे सगळं ते लपवत नसत. बाकीचे पुरुष घाबरले की उगाच मोठ्याने हसतात किंवा दुसऱ्यावर खेकसतात. मामू सरळ सांगत, "मी घाबरलोय. यल्ला, घरी चला." बाजारात त्यांना 'घाबरट शेठ' म्हणत, आणि हे त्यांना माहीत होतं. "खोटा थोडीच बोलतात?" म्हणायचे आणि चहा मागवायचे.

एका हिवाळ्यात त्या जपानी कंपनीचे इशिदासाहेब बायकोला घेऊन आले. साहेबांचा एक पाय लढाईपासून अधू, हातात काठी. बाई ठेंगण्या, हसऱ्या, सतत काहीतरी विचारणाऱ्या. त्यांना एक दिवस फिरवून आणायचं ठरलं. बाईंची इच्छा अशी की समुद्रकाठी ताजे मासे घ्यावेत, ते स्वतः त्यांच्या गावाकडच्या पद्धतीने करून आम्हाला वाढावेत, आणि नंतर कुठे फुलं दिसत असतील तर बघावीत. त्यांच्याकडे म्हणे थंडी सरताना झाडं फुलतात आणि लोक मुद्दाम बघायला जातात. मामूंनी रास अल खैमा सुचवलं. त्या साली पाऊस चांगला झाला होता, डोंगरापायथ्याचं माळरान हिरवं झालं होतं, आणि आतल्या एका वादीत, म्हणजे कोरड्या नदीच्या पात्रात, बदामासारखी रानझाडं फुलल्याचं तिकडच्या कोळ्यांनी सांगितलं होतं. जपानी बाईला सोबत बाईमाणूस हवं, म्हणून मी.

पहाटेच निघालो. लँडरोव्हर मुराद नावाचा बलुच ड्रायव्हर चालवत होता. समुद्रालगतच्या ओल्या खाऱ्या जमिनीवर चाकं रुतू लागली की मामू दार अर्धं उघडून बसत. मागे ती ट्यूब होतीच. इशिदाबाईंनी ती कशासाठी म्हणून विचारलं, तेव्हा मामूंनी गंभीरपणे सांगितलं, "मॅडम, दिस इज फॉर माय फिअर." बाई खूप हसल्या. साहेब हसले नाहीत.

रास अल खैमाच्या किनाऱ्यावर होड्या लागल्या होत्या. बाईंनी एक अख्खी सुरमई निवडली, थोडी म्हाकुलं घेतली. सोबत आणलेल्या पेटीतून पातळ लांब सुरी, काळं सोयाचं पाणी, तांदळाचा शिरका आणि वाळवलेलं समुद्री शेवाळ काढलं. माशाचं डोकं आणि तिथल्या बागेतला मुळा आल्याबरोबर मंद आचेवर शिजत ठेवला. त्या वासाने मला माझ्या आईची चूल आठवली. मग बाईंनी सुरमईच्या पाठीचे पातळ काप केले आणि कच्चेच आमच्यापुढे ठेवले.

"रझिया," मामू माझ्याकडे झुकून पुटपुटले, "ही कच्ची हाय. माजा पोटसुद्धा घाबरला." पण पाहुण्यांचा मान. बिस्मिल्ला म्हणून, डोळे मिटून त्यांनी एक तुकडा तोंडात टाकला, बराच वेळ चावला, आणि डोळे उघडून म्हणाले, "अरे! हा तर गोड लागतो." मग आणखी मागून घेतला.

तेवढ्यात लांब डोंगरावर ढग गडगडला. एकदाच. आमच्या डोक्यावर स्वच्छ ऊन होतं. इशिदाबाईंनी टाळी वाजवली. त्यांच्या गावी म्हणे हिवाळ्यात गडगडाट झाला की मोठे मासे किनाऱ्याकडे येतात, बायका सुऱ्यांना धार लावायला बसतात. "गुड साउंड!" त्या म्हणाल्या. मामूंचा हात ताटात थांबला. "मना नाय बरा वाटत," ते मराठीत म्हणाले. "घरी जाऊया." मी बाईंना ते इंग्रजीत सांगितलं. त्यांचा चेहरा इतका पडला की मामूच विरघळले. "बरा, फुलं बघू आनि लगेच फिरू. गाडी मात्र खाली पात्रात न्यायची नाय."

वादीत शिरलो ते दुपार कलताना. दोन्ही बाजूंना करडे उभे डोंगर, मधे गोट्यांचं रुंद कोरडं पात्र. मुरादने गाडी अलीकडच्या उंच काठावर लावली. पलीकडे कड्याच्या पायथ्याशी मातीचा एक ओटा होता आणि त्यावर ती झाडं: पान एकही नाही, फांद्या फिकट गुलाबी फुलांनी भरलेल्या. इशिदाबाई माझा हात धरून पात्र ओलांडू लागल्या. साहेब काठीमुळे गोट्यांतून येऊ शकत नव्हते. ते अलीकडेच बसले. मामू त्यांच्या शेजारी. मी वळून पाहिलं तर मामू फुलांकडे बघून चक्क हसत होते.

आम्ही झाडाखाली पोहोचलो. बाईंनी एक गळून पडलेलं फूल उचलून माझ्या तळहातावर ठेवलं. आणि घरघर ऐकू आली; वाटलं, वरून एखादा मोठा ट्रक येतोय. तिथे ट्रकचा रस्ताच नव्हता.

"रझिया! पाणी! वर चढ, वर!" पलीकडून मामू ओरडले.

आधी पाण्याची जीभ आली, गोट्यांमधून वळवळत, काड्या आणि लेंड्या पुढे ढकलत. आम्ही परत धावलो. चार पावलांत पाणी घोट्याला, मग गुडघ्याला. खालचे गोटे सरकत होते, त्यांचा खडखडाट पायांतून ऐकू येत होता. बाई पडल्या. त्यांना ओढत मी पुन्हा ओट्यावर आणलं. मागे कडा. माझ्या डोक्याच्या वर एक कपार होती, पण हात पुरेना, पाय रोवायला खाच नाही. पाणी चहाच्या रंगाचं झालं होतं आणि ओट्याची माती खाऊ लागलं होतं. मी कलमा आठवू लागले आणि तो अर्ध्यावरच विसरले.

पलीकडे मुराद गाडीतून ओढायचा दोर काढत होता. दोराचं टोक घेऊन तो वळेपर्यंत मामूंनी ट्यूब अंगात घातली होती आणि ते टोक त्याच्या हातातून हिसकून कमरेला बांधलं होतं. इशिदासाहेब काठी टाकून उठायला गेले, पडले. मामू पाण्यात उतरले.

मी ते दृश्य आजही बघते. ते गप्प नव्हते. पूर्ण रस्ताभर ओरडत होते. "मना भिती लागते! या अल्ला, मी घाबरलोय! मी घाबरलोय!" पाणी छातीला आलं, चष्मा गेला, एक फांदी त्यांच्या तोंडावर आदळली. एकदा ते दिसेनासे झाले, नुसती काळी ट्यूब दिसली. मग परत तोच आवाज, "भिती लागते रे!", आणि तो आवाज जवळ आला.

ओट्यावर चढताच त्यांनी कमरेचा दोर सोडला, कारण पाण्यात अडकलेला दोर त्यांनाच मागे ओढत होता. ट्यूब फेकली. कड्याला दोन्ही हात टेकून वाकले. "खांद्यावर पाय दे. लाजू नको. आदी पावनी." बाई चढल्या. मग मी चढले. त्यांच्या खांद्याचं हाड माझ्या टाचेखाली थरथरताना मला कळत होतं. वर जाऊन आम्ही दोघींनी त्यांचे हात धरले, ओढले. त्यांचे पाय हवेत असतानाच खालचा ओटा फुललेल्या झाडांसकट कोसळला. झाडं उभीच्या उभी वाहत गेली.

कपार इतकी अरुंद की तिघांना पाठ टेकून उभंच राहावं लागलं. मामू मधे. कधी कुठल्या बाईशी हस्तांदोलन न करणारे मामू, पण त्यांनी आमची दोघींची मनगटं इतकी घट्ट धरली होती की माझ्या बांगड्या फुटून रुतल्या. मी रडत विचारलं, "मामू, पाणी आणखी चढेल?"

मला वाटलं होतं, ते नाही म्हणतील.

"चढंल पन. मना ठाऊक नाय," ते म्हणाले. त्यांचे दात वाजत होते. "मी पन घाबरलोय. तू पन घाबर. फक्त हलू नको."

पलीकडून इशिदासाहेब बायकोला नावाने हाका मारत होते. पाण्याच्या आवाजात त्या ऐकू येईनाशा झाल्या तेव्हा ते काठी उंच धरून उभे राहिले. हात दुखला की हात बदलत, पण काठी खाली केली नाही. पाणी आमच्या पायांपाशी येऊन थांबलं. उन्हं डोंगराआड जाईपर्यंत आम्ही तसेच होतो. मग जसं आलं तसंच ते उतरलं, चिखल आणि मेलेली एक बकरी मागे ठेवून. मुराद दोर घेऊन आला आणि त्याने आम्हाला एकेक करून खाली घेतलं. इशिदाबाई नवऱ्याजवळ गेल्या नाहीत. आधी मामूंसमोर गुडघे टेकून, कपाळ चिखलाला लागेपर्यंत वाकल्या. मामू घाबरून मागे सरले. "हिला उठव, रझिया. हिला काय झाला?"

परतताना गाडीत ते अंग चोरून बसले होते. देऱ्याचे दिवे दिसू लागले तेव्हा म्हणाले, "सकीनाला काय सांगू नको. ती घाबरंल." सकीनामामींना आम्ही गाडी चिखलात रुतली म्हणून सांगितलं. त्यांनी मामूंच्या फाटक्या कपड्यांकडे पाहिलं आणि पाणी तापवायला गेल्या.

त्या दिवसाने मामू शूर वगैरे झाले नाहीत. उलट त्यांनी शारजाच्या पुढे जाणंच बंद केलं. बाजारात 'घाबरट शेठ' चालूच राहिलं. युसुफ सगळ्यांना खरं काय ते सांगायला निघाले, तर मामूंनी हात जोडले. काही वर्षांनी पेढी युसुफवर सोपवून ते गावी परतले, आणि पुढे तिथेच, साध्या तापाने गेले.

मी भेटायला गेले तेव्हा मामी ओटीवर एकट्या बसल्या होत्या. भावकीतलं कुणीतरी मय्यतीला म्हणालं होतं की हमीद जन्मभर भित्रा राहिला. ते मामींना लागलं असेल, असं वाटून मी त्यांना वादीतली सगळी हकीकत सांगितली.

मग मामी म्हणाल्या, "मना ठाऊक हाय."

"मामूंनी सांगितलं?"

"नाय गं. त्याची भैन होती, जैनब. लहानपनी खाडीत होडी उलटली, तवा याच्या हातातून तिचा हात सुटला. लगीन झाल्यापासून ऐकत होते, झोपेत तिला हाका मारायचा, 'जैनब, वर चढ.' तुमी गाडी रुतली म्हणून सांगितला, त्या दिवसापासून दोन नावं घ्यायला लागला. जैनब आनि रझिया." त्यांनी पदराने तोंड पुसलं. "तवा समजले, पाण्यात कायतरी झाला. पन विचारला नाय. विचारला असता तर मी घाबरले म्हणून त्याला आनिक भिती लागली असती."

"मग तुम्ही काय करायच्या?"

"काय करनार? त्याच्या कपाळावर हात ठेवायचे. सांगायचे, दोगी वर चढल्या, तू झोप."