आत्याचं चीवर आणि गाईडची घाई

सहलीचं ठरलं ते एका जाहिरातीमुळे. ‘बौद्ध विहारं आणि थाई संस्कृती, एका दिवसात, नागपूरहून, गाईड आणि जेवणासह.’ फोटोत सोनेरी छताचं एक थाई विहार चमकत होतं, पारशिवनीच्या बाजूला नवीनच झालेलं. मी मोबाईल शेवंताआत्यापुढे धरला. तिनं चष्मा वर सरकवला, फोटो मोठा करून पाहिला आणि म्हणाली, “इथं भंते राहतेत काय? मंग मी चीवर शिवतो.”

शेवंताआत्या माझ्या वडिलांची मोठी बहीण. लग्न मोडल्यापासून आमच्याकडेच असते. उभा जन्म शाळेचे गणवेश शिवण्यात गेला. छप्पन साली नागपुरात बौद्ध धम्माची दीक्षा झाली तेव्हा ती इतकी लहान होती की तिला फक्त आपल्या वडिलांचे खांदे आणि पुढे पसरलेली पांढरी कापडं आठवतात. वर्षावास, म्हणजे भिक्खूंचा पावसाळ्यातला एका जागचा मुक्काम, संपला की भिक्खूंना चीवर, म्हणजे त्यांचं वस्त्र, दान करायचे दिवस येतात. दरवर्षी आत्या वस्तीच्या विहारात तयार चीवर विकत आणून देते. या वेळी तिला स्वतः शिवून, स्वतःच्या हातानं, परदेशातून आलेल्या भंतेंना द्यायचं होतं. “बुद्ध किती दूर गेला, अन् तिथून माणूस इथं आला. त्याले आपल्या हातचं द्याव वाटते,” एवढंच तिचं म्हणणं.

मी टूरवाल्यांना फोन करून विचारलं, चीवरदान करता येईल का? “हो मॅडम, सगळी व्यवस्था असते, दर रविवारी करतो आम्ही.” हे वाक्य लक्षात ठेवा. माझा सगळा राग या वाक्यावर उभा आहे.

आत्यानं इतवारीच्या बाजारात फिरून फिरून कापड शोधलं. चीवर म्हणजे एकसंध कापड नसतं. धुऱ्यांनी, म्हणजे बांधांनी, विभागलेल्या शेतासारखे तुकडे जोडून ते शिवायचं असतं. डोळ्यांना नीट दिसत नाही म्हणून ती सकाळच्या उन्हात, अंगणात मशीन ओढून बसायची. प्रत्येक शिवण दुहेरी. एक तुकडा तिरका गेला म्हणून तिनं अर्धं चीवर उसवलं. मी म्हटलं, कुणाला कळणार आहे? ती म्हणाली, “मले कळते ना वं.”

रविवारी सकाळी मिनीबस दीक्षाभूमीजवळून सुटली. आत्या पांढऱ्या साडीत, मांडीवर चीवराची पिशवी. बसमध्ये निम्मे आमच्यासारखे, निम्मे नुसते फिरायला आलेले. गाईडचं नाव विवेक. नागपूरच्या महाल भागात राहणारा, चाळिशीचा, गळ्यात माईक, हसतमुख. तर्री पोह्यासाठी बस थांबली तेव्हा त्यानं आत्याला हात धरून उतरवलं, आणि मला तो माणूस आवडला. पोहे झणझणीत होते. दिवसभरात जे जे मनासारखं झालं, त्यात या पोह्यांचा नंबर वरचा.

कामठीचं जपानी धाटणीचं विहार तुम्ही बहुतेकांनी पाहिलं असेल. लाकडाची शांत मोठी खोली, बाहेर हिरवळ, आत पाऊल टाकलं की आवाज आपोआप खाली येतो. फक्त आमच्या विवेकचा आला नाही. तो माईकवर सांगत होता, “तर भगवान बुद्ध, विष्णूचा नववा अवतार...”

आत्यानं मान वळवली. “हा काय बोलून राहिला वं?”

आमच्याकडे दीक्षेच्या बावीस प्रतिज्ञा पाठ असतात, आणि बुद्ध विष्णूचा अवतार नाही, ही त्यातलीच एक. लहानपणापासून तोंडात बसलेली. बौद्ध सहलीचे पैसे घेऊन, अर्धी बस बौद्ध असताना, हा माणूस बौद्धांना हे सांगतो! मी त्याला बाजूला घेऊन सांगितलं. तो हसून म्हणाला, “मॅडम, वो तो सबके लिये बोलना पडता है.” सबके लिये म्हणजे कुणासाठी, हे मी विचारलं नाही. आत्याचा दिवस खराब होऊ नये म्हणून गप्प बसले. ते गप्प बसणं मला अजून छळतं.

पुढे कन्हान ओलांडून पारशिवनीकडे. रस्ता चांगला आहे, मधेमधे काम चालू आहे तिथे धूळ फार, रुमाल ठेवा. कापूस वेचायला बायका शेतात वाकलेल्या होत्या. आत्याचं आजोळ याच भागातलं. ती खिडकीतून बघत होती.

आधी आम्हाला ‘थाई सांस्कृतिक केंद्रात’ नेलं. नाव मोठं, लक्षण खोटं. एक दालन कठपुतळ्यांचं आणि मुखवट्यांचं, ते खरंच सुंदर, पण तिथे उभं राहायला विवेकनं वेळच दिला नाही. वेळ होता तो दुकानासाठी. साबणाची फुलं, हत्तीच्या किल्लीसाखळ्या, वेदनाशामक मलम. मग ‘थाई थाळी’: कोबी घातलेल्या नूडल्स, नारळाचं पातळ काहीतरी आणि बाजूला पापड. आत्यानं नूडल्स काट्यानं उचलून पाहिल्या, खाली ठेवल्या आणि घरून आणलेली कोथिंबिरीची सांबारवडी काढली. जाणार असाल तर तुम्हीही डबा न्या.

दुकानात सगळा वेळ गेल्यावर विहाराची पाळी आली. विवेक टाळ्या वाजवत, “चला चला, दर्शन घ्या, बाहेर या, पेंच रोडची गर्दी लागेल.” विहार खरंच देखणं आहे. छताच्या टोकांवर सोनेरी सापाकृती, आत भिंतभर जातककथांची चित्रं, आणि मधोमध ती शांत मूर्ती. आत्या पायरीवर टेकून क्षणभर बसली, मग उठून पदर नीट केला. तिनं माझ्याकडे पाहिलं. लग्नाच्या दिवशी नवरी पाहते तशी.

भंते तरुण होते, चेहऱ्यावर लाज आणि हसू दोन्ही. आम्ही त्रिशरण, पंचशील म्हटलं. आत्यानं पिशवीतून चीवर काढलं, दोन्ही हातांवर आडवं धरलं आणि गुडघ्यांवर पुढे सरकली. भंतेंनी बाजूचं एक पिवळं फडकं उचललं, तिच्यासमोर जमिनीवर पसरलं, त्याचं एक टोक स्वतःच्या हातात धरलं आणि थांबले.

आत्याही थांबली. तिचे हात तसेच पुढे.

आणि तेवढ्यात विवेक आला. “लाओ माताजी, मैं दे देता हूँ, टाइम हो रहा है.” त्यानं आत्याच्या हातांवरून चीवर उचललं आणि सरळ भंतेंच्या हातात दिलं. भंतेंनी ते हातात घेतलं. कुणीतरी फोटो काढला. विवेक फोटोसाठी हसलासुद्धा.

अंगाची आग आग झाली म्हणतात ते काय, हे मला तिथे कळलं. ज्या माणसाला बुद्ध कोण हे सांगता येत नाही, त्यानं माझ्या आत्याचं दान केलं!

आत्या माझ्याकडे वळली. तिचा आवाज अगदी बारीक झाला होता. “काहून वं? माह्या हातचं काहून नाही घेतलं त्यानं?”

मी विवेकवर ओरडले. होय, विहारात ओरडले. तेव्हा तो म्हणाला, “अरे मॅडम, भंते औरत के हाथ से नहीं लेते. नियम आहे त्यांचा. बायकांनी फडक्यावर ठेवायचं असतं. कुणीही बाई असो, राणी आली तरी.”

“मग हे आधी का नाही सांगितलं?”

“एवढं सांगत बसलो तर बस निघणार कधी?”

दर रविवारी करतो आम्ही! दर रविवारी हा माणूस अशा बायकांना त्या फडक्यापुढे न सांगता उभं करतो.

मी आत्याला समजावलं. थाई परंपरेत भिक्खू बाईला शिवत नाहीत, तिच्या हातून वस्तू घेत नाहीत. तिनं सगळं ऐकून घेतलं.

“म्हणजे जात म्हणून नाही?”

“नाही, आत्या.”

“बाई म्हणून?”

“हो.”

“मंग बरं वाटाव काय मले?”

तिनं त्या फडक्याकडे बोट केलं. ती म्हणाली, “आजोळच्या दुकानात गूळ घ्याले जावो तं पैसा जमिनीवर ठेवा लागे. अन् मायनं पदर पसरला का वरून गूळ टाके तो. आता ह्यानं फडकं पसरलं, तं मले आधी मायचा पदरच दिसला. नियम नंतर समजला.”

मी भंतेंशी इंग्रजीत बोलले. रागानं माझे शब्द अडखळत होते, त्यांची इंग्रजी तोकडी, पण आत्याच्या चेहऱ्याकडे पाहून त्यांना पुरेसं कळलं असावं. त्यांचं हसू गेलं. त्यांनी हात जोडले, काहीतरी थाईमध्ये पुटपुटले, चीवर त्या फडक्यावर ठेवलं आणि दोन पावलं मागे सरून उभे राहिले. मला त्यांच्याबद्दल राग धरता आला नाही. नियमाबद्दल अजून आहे.

सगळ्यांना वाटलं, आता आत्या ते चीवर हात लावून परत तिथेच ठेवील आणि गोड शेवट होईल. मोबाईलसुद्धा तयार होते. आत्यानं चीवर उचललं. घडी मोडली होती ती नीट घातली. भंतेंना वाकून पंचांग प्रणाम केला. आणि चीवर पिशवीत घालून दाराकडे चालू लागली.

विवेक मागे धावला. “माताजी, दिया हुआ दान वापस नहीं लेते, पाप लगता है.”

आत्या थांबली. “माह्यं दान झालंच नाही गा बाबू. तू देलं ते तुह्यं होतं.”

परतीला बस खापरखेडा, कोराडीवरून आली. वीजकेंद्राच्या चिमण्या, राखेचे ट्रक. पुढच्या सीटवरच्या एक बाई, चांगल्या शिकलेल्या, मागे वळून मला म्हणाल्या, “एवढं काय मनाला लावून घ्यायचं? त्यांचा धर्मच आहे तो.” मी म्हटलं, “आमचाही तोच आहे.” त्या खिडकीबाहेर बघू लागल्या. उतरताना विवेकनं सगळ्यांना सहलीबद्दल चांगलं लिहायला सांगितलं. घ्या, लिहिलं.

सहलीला जावं की नाही, असं कुणी विचारेल. जा. विहार पाहण्यासारखं आहे, मुखवट्यांच्या दालनात हवा तेवढा वेळ उभे राहा, आणि दान द्यायचं असेल तर फडक्याची पद्धत आधी आपल्या म्हाताऱ्या माणसांना सांगा, कारण गाईड सांगणार नाही. मग त्यांनी द्यायचं की नाही, ते त्यांनाच ठरवू द्या.

चीवर घरी आलं. मी आत्याला म्हटलं, आपल्या वस्तीतल्या भंतेंना दे. ते तुझ्या हातून चहाचा कपसुद्धा घेतात. आत्या मशीनपाशी बसून शेजारच्या मुलीचा फ्रॉक उसवत होती. म्हणाली, “रागात दान होत नाही, पोरी. देण्याच्या आधी मन खूष पायजे, देतानी पायजे, देल्यावरबी पायजे. माह्या मनात आग हाये. असं वस्त्र कोनाच्या अंगावर घालू?”

“मग राग कधी जाईल?”

“जाईन तवा जाईन.”

आत्याला सगळ्यांनी आयुष्यभर एकच सांगितलं, जाऊ दे. नवऱ्यानं टाकलं तेव्हा जाऊ दे, मालकानं शिलाई बुडवली तेव्हा जाऊ दे. तिनं प्रत्येक वेळी जाऊ दिलं. या वेळी ती रागाला घरात बसवून आपलं काम करते आहे. चीवर कपाटात वरच्या फळीवर आहे. राग कधी जाईल, हे मी तिला पुन्हा विचारणार नाही.