मुकुंदरावांचा शेरा

मुकुंदरावांना इंग्रजीतला एकच शब्द मनापासून आवडायचा, आणि त्या एका शब्दावर त्यांनी बेंगळुरातल्या सरकारी कचेरीत पंचवीस वर्षं काढली. डुबियस! कॉफी पातळ झाली, डुबियस. शेजारच्या आप्पाजींचा जावई, तोही डुबियस. नवा माणूस भेटला की आधी त्याची परीक्षा. "डी, यू, बी... सांगा, पुढे?" तो बिचारा अडखळला की हे स्वतःच "आय, ओ, यू, एस" म्हणून अशी मान डोलवायचे, जणू ती भाषा यांच्या आजोबांनीच लिहून ठेवली होती.

शब्द मिळाला कुठे, तर कँटोन्मेंटातल्या एका गोऱ्या साहेबाकडून. बेचाळीस साली मुकुंदरावांनी मावशी वारली म्हणून रजेचा अर्ज टाकला. त्या वर्षातली ती तिसरी मावशी. साहेबाने कोपऱ्यात हा एक शब्द लिहून अर्ज परत केला. दुसऱ्या कुणाला लाज वाटली असती. यांनी डिक्शनरी उघडली, अर्थ वाचला, 'शंकास्पद', आणि स्वारी खूश! 'नाही' म्हणायला नको, 'हो' तर नकोच नको, आणि समोरचा मात्र गुपचूप परत जातो. कामचुकार माणसाला याहून आणखी काय हवं?

छप्पन्न साली बेळगावकडचा मुलूख म्हैसूर राज्यात आला, आणि पुढच्या वर्षी तिकडच्या सात नर्सबाया बदलून मल्लेश्वरमच्या एका प्रसूतिगृहात आल्या. त्यातली एक कस्तुराबाई. निपाणीच्या दवाखान्यात एकोणीस वर्षं तिने बाळंतपणं केली होती. सातहीजणींच्या नेमणुकीचे जुने हुकूम मोडी लिपीत होते. ते वाचून खरे ठरले तर नोकरी कायम, नाहीतर महिनाअखेर घरी. विधवा बाई, वय बेचाळीस. घरी परत जायचं म्हणजे दिराच्या दारात तुकडे मोडायचे. कचेरीत मराठी माणूस एकच, म्हणून सातही कागद मुकुंदरावांच्या टेबलावर.

त्यांनी तिचा कागद लांब धरला, जवळ धरला, चष्मा पुसला.

"अक्का, स्वल्प घोटाळा आहे. ही तारीखच बघा, पुसट." आणि बाकीच्या सहांवर ठोकला होता तसाच कोपऱ्यात लाल शाईने तो शब्द ठोकून दिला. "अर्थ ठाऊक आहे? नाही ना? सरी, ठीक, विचारा कुणाला तरी."

कस्तुराबाई बघतच राहिली. तिचे वडील तलाठी. मोडी ती चुलीपाशी बसून शिकली होती. मुकुंदरावांचं बोट ज्यावर होतं ती तारीख नव्हतीच. ती हुकूम लिहिणाऱ्या कारकुनाची सही होती.

दवाखान्यात तिने डॉक्टरीणबाईंना शब्दाचा अर्थ विचारला. त्या म्हणाल्या, "ज्याच्याबद्दल खात्री नाही अशा वस्तूला म्हणतात. आणि ज्याला खात्री नाही त्या माणसालाही म्हणतात." कस्तुराबाईला रात्रभर झोप आली नाही. आपला कागद तर खणखणीत आहे, मग शंका कसली? मेल्याला वाचताच येत नाही! आणि हा माणूस सात जणींच्या पोटावर पाय देतोय!

सकाळी ती थेट कचेरीचे मुख्य नरसिंहमूर्ती साहेबांसमोर उभी राहिली. साहेब कानडी, त्यांना मोडी येत नव्हती आणि तसं सांगायला त्यांना लाजही वाटत नव्हती. तिने एवढंच म्हटलं, "साहेब, माझा कागद यांना मोठ्याने वाचायला सांगा."

मुकुंदरावांना बोलावणं गेलं. ते आले, तिला पाहिलं, आणि चेहरा पार उतरला. पण माणूस बिलंदर. बाईला खूश केलं की ती गप्प बसेल, एवढं त्यांनी दारातून टेबलापर्यंत येतायेता ठरवलं. कागद उचलून त्यांनी धडाधड वाचायला सुरुवात केली. "कस्तुराबाई यांस पस्तीस सालापासून कायमची नेमणूक... काम उत्तम... वर्तणूक चोख..." त्यातलं एक अक्षर कागदावर असेल तर शपथ! नेमणूक अडतीस सालची होती, आणि वर्तणुकीचा त्यात उल्लेखही नव्हता.

"शाबास," साहेब म्हणाले. "मग शेरा कशाला मारलात? हिचं काम झालं."

गप्प राहिली असती तर कस्तुराबाईची नोकरी तिथल्या तिथे कायम होती, वर तीन वर्षं फुकट. पण बाकीचे सहा कागद? तिला त्या माणसाची किळस आली.

"साहेब, यांनी एकही अक्षर वाचलेलं नाही. यांना मोडी येत नाही. मला येते."

साहेबांनी गठ्ठ्यातला दुसरा कागद तिच्यापुढे सरकवला. कुणाचा आहे ते सांगितलं नाही. तिने वाचला, कानडीत अर्थ सांगितला. नाव, साल, गाव साहेबांकडच्या यादीशी जुळलं. मग तिसरा. सहाही जुळले. साहेबांनी मुकुंदरावांच्या हातात त्यांचंच पेन दिलं आणि सहा ठिकाणचा तो शब्द त्यांच्याच हाताने खोडून घेतला. मुकुंदराव आज्ञाधारक मुलासारखे खोडत होते. मान खाली, कपाळावर घाम. कस्तुराबाईला जरासुद्धा दया आली नाही.

राहिला सातवा. साहेबांनी तो हातात घेतला.

"बाई, स्वतःचा कागद स्वतः वाचलेला मला धरता येत नाही. मी तो बेळगावला पाठवतो. महिना संपतोय, उत्तर येईपर्यंत तुम्हाला घरी जावं लागेल. वाईट वाटतं."

"किती दिवस?"

"सांगता येत नाही."

तिने मान हलवली. हे असं होईल, हे तिला तोंड उघडलं तेव्हाच कळलं होतं. तरी डोळे भरून आलेच.

मुकुंदराव तिच्या मागोमाग व्हरांड्यात आले. माफी मागायला? छे! एवढं झाल्यावरही तोरा तोच.

"मी काय खोटं लिहिलं होतं, अक्का? शंका आली, शंका लिहिली. उगाच सगळ्यांसमोर माझी शोभा केलीत. आणि तुम्हाला काय मिळालं?"

कस्तुराबाईने पदराने डोळे पुसले.

"अण्णा, शंका यायला आधी वाचता यावं लागतं. तुम्ही तिथे लिहायचं होतंत, 'मला येत नाही.' कागद तेव्हाच बेळगावला गेले असते, आणि सातवीचीही नोकरी वाचली असती."

आणि ट्रंक भरायला ती मल्लेश्वरमकडे चालू लागली.