छबूचा मुराळी

प्रयोगशील चित्रपट म्हटलं की मला आधी जांभई येते. तरी मृणालसाठी निघाले. ती चित्रकार, माझी कॉलेजातली मैत्रीण, आणि आवाज टिपायला फुकटचं माणूस तिला माझ्याशिवाय मिळत नाही. पुण्याहून पहाटे सुटलो. केज मागे टाकून युसूफ वडगावला पोचेपर्यंत जेवणवेळ झाली होती. रस्त्याच्या दोन्ही अंगांना सोयाबीनची काढणी चालली होती.

मृणालचा प्रयोग तसा साधा होता. लग्नात नवरा ताटातल्या तांदळांवर अंगठीने बायकोचं नवं नाव लिहितो ना, तशाच ताटात बाईने आपल्या बोटाने माहेरचं नाव लिहायचं. चेहरा दाखवायचा नाही, फक्त हात. लिहिता येत नसेल तिने नाव नुसतं बोलायचं, म्हणजे ते टिपायला मी.

पहिलं ताट एका अंगणात मांडलं. मंगलबाईंनी ‘कुसुम’ लिहिलं आणि त्या कौतुकाने बघतायत तोवर कोंबडीने येऊन ‘कु’ टिपून टाकला. “एकदा नवऱ्यानं पुसलं, आता कोंबडीनं!” त्या म्हणाल्या, आणि सगळ्या बायका तोंडाला पदर लावून हसल्या. जेवायला भाकरी आणि येसर (भाजलेल्या धान्य-मसाल्याच्या पिठाची आमटी) होती. नाकाडोळ्यांतून पाणी आलं, तरी मी दोनदा मागून घेतली.

शकुंतलाबाई मात्र ताटाजवळ येईनात. सत्तरीच्या, काटक, बोलायला खणखणीत.

“माहेरचं नाव छबू. पर म्या सांगून काय उपेग? त्या नावानं हाक मारणारं कुणीतरी पायजे की.”

तसा एकच माणूस उरला होता, घाटनांदूरचा थोरला भाऊ. पण वर्षभरात त्यांची आठवण पार गेली होती.

“पोटच्या लेकाला वळखंना झालाय म्हणत्यात. म्हणून म्या गेलेच न्हाई. त्यानं बी न्हाई वळखलं, तर छबू ऱ्हायली कुठं, माय?”

“चला, गाडी आहे,” मृणाल पटकन म्हणाली. मी तिच्याकडे डोळे वटारले. पण तोवर शकुंतलाबाई आत जाऊन बरं लुगडं नेसून, शेंगदाण्याच्या लाडवांची पिशवी घेऊन आल्याही.

अंबाजोगाई ओलांडल्यावर काळ्या रानांमधून रस्ता खालीवर होऊ लागला. वाटेत त्यांनी दोनदा गाडी थांबवायला लावली. एकदा पाणी प्यायला, आणि एकदा “माघारी फिरावं का?” असं विचारायला. मृणालने त्यांचा हात हातात घेतला.

घाटनांदूरला भाऊ ओसरीवर बाजेवर बसले होते. कॅमेरा आम्ही गाडीतच ठेवला होता. त्यांनी डोळे बारीक करून बहिणीकडे पाहिलं.

“कुठल्या म्हणायच्या, बाई, तुमी?”

आणि शकुंतलाबाईंच्या तोंडून, आयुष्यभर जे सांगत आल्या तेच निघालं. “युसूफ वडगावच्या.”

मी मनातल्या मनात ओरडले. अहो, नाव सांगा ना! जन्मभर सासरचं गाव सांगायची सवय. भावासमोरही तीच नडली.

पण म्हातारबा एकदम ताठ बसले. “वडगावच्या? आमची छबू दिलीय की तिथं! वळखता का तिला?”

सून चहा घेऊन आली होती. ती घाईने म्हणाली, “अवं मामा, ह्याच तर...” शकुंतलाबाईंनी हाताने तिला थांबवलं.

“वळखते की. चांगली वळखते.”

“बरी हाय का ती?”

“बरी हाय.”

“लई हळवी हाय वो. रडत न्हाई ना?”

“आता न्हाई रडत,” त्या म्हणाल्या. मी मात्र उठून अंगणात गेले. माझ्याच्याने ऐकवेना, तरी तिथेही शब्द पोचतच होते.

“तिला सांगा, पंचमीला मीच येतो म्हणावं मुराळी. दुसऱ्या कुणासंगं येऊ नको म्हणावं.”

मुराळी म्हणजे लेकीला माहेरी न्यायला येणारा माणूस. पंचमी केव्हाच होऊन गेली होती, दिवाळी तोंडावर आली होती.

“सांगते,” शकुंतलाबाई म्हणाल्या आणि भावाच्या हातावर लाडू ठेवला. “छबूनं धाडलेत.”

परतताना गाडीत माझ्या डोक्यात तेच घोळत होतं. समोर बसलेली बाई भावाला परकी होती, पण छबू त्यांच्यापाशी सुखरूप होती, अजून सासरी रडत असेल म्हणून काळजी करण्याजोगी. माझं नाव लग्नात कुणी बदललं नाही, याचा मला फार तोरा आहे. पण मला लहानपणची म्हणून असं जपणारं कोण उरलंय, हे मी मोजायला गेले आणि बाहेर बघत बसले.

वडगावला उतरलो तर शकुंतलाबाईंचा मुलगा दारातच उभा होता.

“आई, मामानं वळखलं का?”

शकुंतलाबाईंनी चपला काढल्या, पदर सारखा केला.

“तर! बरी हाय का म्हणून सारखं इचारीत होता. पंचमीला न्यायला येतो म्हणलाय.”