जकात नाक्यावरची आई

आई जकात नाक्यावर बसायला लागली तेव्हा मी अकरावीत होते. वडील छावणीच्या, म्हणजे कँटोन्मेंटच्या, पाणीपुरवठा विभागात फिटर होते. त्यांना कावीळ झाली, ती उतरली असं वाटलं, आणि ते गेले. अनुकंपा तत्त्वावर आईला नोकरी मिळाली, पण पाण्याच्या खात्यात जागा नव्हती. कचेरीतले साहेब म्हणाले, "जकातीत एक जागा आहे. बघा, जमतंय का." तिला ते जमणार नाही, याबद्दल त्यांना खात्री असावी. त्या नाक्यावर तोवर कधी बाई बसली नव्हती.

पुण्याच्या कडेने इंग्रजांनी फौजेसाठी ज्या वसाहती वसवल्या, त्यांतल्या एकीचा हा नाका. कुठली, ते लिहीत नाही. तिथली माणसं अजून ओळखीची आहेत. शहराची हद्द संपून छावणीची सुरू व्हायची तिथे एक बुटकी दगडी चौकी होती. रस्त्याच्या बाजूला खिडकी आणि खिडकीखाली बाहेरून दगडी कट्टा. छावणीत विकायला येणाऱ्या प्रत्येक मालावर इथे कर भरायचा आणि मगच पुढे जायचं.

तिथले हेड क्लार्क वयस्कर मुसलमान गृहस्थ होते. त्यांचं घराणं छावणीच्या बाजारातलं, चार-पाच पिढ्यांचं. त्यांनी आईला काम शिकवलं. कुठल्या मालाला किती दर हे सांगता सांगता ते जुन्या गोष्टीही सांगायचे, आणि आई त्या घरी येऊन आम्हाला सांगायची.

"वहिनी, ही वसाहत वसली फौजेसाठी, पण चालली बाजाराच्या पैशावर," ते म्हणायचे. "फौजेच्या मालाला माफी. तूप, सरपण, गवत, कातडं आणणाऱ्याने मात्र कर भरायचा. आमचे आजोबा कातडी आणायचे. त्या पैशातून रस्त्यावर दिवे लागले, तेही साहेबांच्या बंगल्यांपुढे. आजोबा हातात कंदील घेऊन घरी जायचे."

हे सांगताना त्यांच्या आवाजात राग नसायचा, असं आई म्हणे. घराण्यात कुणाचं तरी जुनं दुखणं असावं आणि ते सगळ्यांना माहीत असावं, तसा त्यांचा सूर असायचा.

घरात मात्र वेगळंच सुरू झालं होतं. आम्ही खडकीत दोन खोल्यांत राहायचो. आई, मी आणि वडिलांची आई. आजीने आईशी बोलणं टाकलं. आईने केलेलं जेवण बंद केलं. स्टोव्हवर वेगळं पातेलं ठेवून स्वतःचा भात शिजवायची आणि बुद्धवंदना झाली की भिंतीकडे तोंड करून जेवायची. मला वाटलं, मुलगा गेल्याचा राग ती सुनेवर काढतेय. आईलाही तसंच वाटलं असावं, कारण सुरुवातीला तिने काही विचारलं नाही.

एका रविवारी मात्र आईने तिच्यासमोर बसकण मारली.

"आत्याबाई, माझं काय चुकलं ते सांगा. तुम्ही वेगळं शिजवता ते मला बघवत नाही."

आजीने निवडायची डाळ बाजूला ठेवली. मग म्हणाली, "तू त्या खिडकीत बसतीस. माझी आय त्या खिडकीच्या बाहेर हुबी राहायची."

आणि मग तिने सांगितलं. तिची आई नदीपलीकडून गवताचे भारे आणायची. छावणीत घोडे पुष्कळ. गवताला गिऱ्हाईक असायचं. आजी तेव्हा लहान होती, आईचा पदर धरून चालायची. नाक्यावर बाकीच्यांचं उरकेपर्यंत त्यांनी लांब उभं राहायचं, भारा डोक्यावर तसाच. मग कारकून हाक मारायचा. पैसा त्याच्या हातात द्यायचा नाही. कट्ट्यावर ठेवायचा आणि मागं सरायचं. कारकून आतून तांब्याने त्या पैशावर पाणी ओतायचा आणि मग तो उचलायचा.

"पानी सुकायच्या आत आमाला तिथनं जावं लागायचं," आजी म्हणाली. "पैसा चालत हुता. हात चालत न्हवता."

स्टोव्हवर भाताला उकळी आली होती. कुणी उठलं नाही. शेवटी मीच जाऊन स्टोव्ह बारीक केला.

आईने नोकरी सोडली नाही. सोडून आम्ही खाणार काय होतो? पण त्या दिवसानंतर तिने नाक्यावर एक गोष्ट सुरू केली, ती मला पुढे हेड क्लार्ककडून कळली. ड्रायव्हर मंडळी खिडकीतून नोटा आत टेबलावर टाकायची. त्यात अपमान करायचा हेतू नसे, घाई असे. आई त्या नोटांना हात लावायची नाही. तळवा पुढे करायची आणि म्हणायची, "हातात द्या." पावतीसुद्धा ती समोरच्याच्या हातातच द्यायची. का, ते तिने कुणाला सांगितलं नाही. लोक म्हणायचे, बाई जरा विक्षिप्त आहे.

पुढे आजीच मला म्हणाली, "मला तितं ने एकदा."

आम्ही बसने गेलो. कट्ट्यावर ड्रायव्हरांचे चहाचे ग्लास ठेवलेले होते. आजी तिथे थांबली, पण कट्ट्याला हात लावला नाही. हेड क्लार्क बाहेर आले. "या अम्मा, आत या," म्हणत त्यांनी आपलीच खुर्ची तिला दिली. त्या उंच खुर्चीत आजीचे पाय जमिनीला टेकत नव्हते. आईने तिला माठातलं पाणी दिलं. आजीने ग्लास दोन्ही हातांनी धरला आणि हळूहळू सगळं पाणी प्यायली.

तेवढ्यात एक टेम्पो आला. संगणकांचे खोके होते. छावणीत संगणकाचे वर्ग निघत होते, त्यांच्यासाठी. बरोबर टाय लावलेला तरुण होता. कानाला मोबाइल, तेव्हा तो फार थोड्यांकडे असायचा. त्याने बोलता बोलताच नोटा टेबलावर टाकल्या.

"हातात द्या," आई म्हणाली.

त्याला कळलं नाही. "दिले की मॅडम. तिथेच तर आहेत."

"टेबलावर आहेत. हातात द्या."

त्याने मोबाइल कानापासून बाजूला केला. हेड क्लार्ककडे पाहिलं, ते खाली बघत होते. मग त्याने खिडकीतून हात घालून नोटा उचलल्या आणि आईच्या तळव्यावर ठेवल्या. आईने त्या मोजल्या, पावती फाडली, त्याच्या हातात दिली. "या," म्हणाली.

आजीने सगळं पाहिलं. त्या संध्याकाळी तिने स्टोव्ह पेटवला नाही. आईने ताट वाढलं, तर आजी येऊन तिच्या शेजारी बसली आणि जेवली. "मीठ कमी हाय," एवढंच म्हणाली.

त्यानंतरही ती बरीच वर्षं जगली. मी इंजिनिअर झाले, खराडीत नोकरीला लागले, हे सगळं तिने पाहिलं.

जकात बंद झाली तेव्हा ती नव्हती. ऑफिसात आमच्या टेबलाभोवती सगळे खूश होते. एकजण म्हणाला, "फायनली. ब्रिटिशांचं हे खूळ गेलं एकदाचं. नाक्यावरचे सगळे चोर होते, यार."

"माझी आई नाक्यावर आहे," मी म्हणाले.

तो गडबडून सॉरी म्हणाला. पण त्याचं अगदीच खोटं होतं असंही नाही. नाक्यावर काय काय चालतं ते आईलाही ठाऊक होतं. तिने कधी ते झाकलं नव्हतं.

घरी आल्यावर मी तिला विचारलं, "वाईट वाटतंय?"

"लोकांना आनंद झाला, व्हायलाच पाहिजे," ती म्हणाली. "कर द्यायला कुणाला आवडतं? मलाही आवडलं नसतं." मग म्हणाली, "पण उद्यापासून मी कुठं जायचं, ते अजून कुणी सांगितलेलं नाही."

काही आठवडे तिला नुसतं बसवून ठेवलं. मग जन्ममृत्यू नोंदणीच्या खिडकीवर पाठवलं. निवृत्तीपर्यंत ती तिथेच होती. कुणी पेढे घेऊन यायचं, कुणी डोळे पुसत. बाळाचं नाव अजून ठरलं नाही असं एखादी आई म्हणाली, तर ही म्हणायची, "सावकाश ठरवा. मी बसलेय इथे."