सुमितची रिकामी खुर्ची

तीर्थपुरीच्या सुमितला लग्नांचे व्हिडिओ काढून काढून माणसांचा कंटाळा आला होता. म्हणून त्याच्या स्वतःच्या पहिल्या फिल्ममध्ये माणूसच नव्हता. सोयाबीन काढून मोकळ्या झालेल्या रानात प्लास्टिकची पांढरी खुर्ची. सावली लांबत जाते, ऊन विझतं, कोणी येत नाही. सलग एकच शॉट. कॅमेरा मित्राचा होता. दुसऱ्या दिवशी सकाळी परत द्यायचा होता.

त्याने कॅमेरा सुरू केला आणि शेजारच्या रानातला रामकिसन बांधावर येऊन उभा राहिला.

"कोण येऊन राह्यलं रे?"

"कोणी न्हाई काका. रिकामीच ठेवायचीय."

"मंग मांडली कशाला?"

सुमितने रिकामेपणाबद्दल बरंच सांगितलं. रामकिसनला त्यातून एवढंच कळलं की पोरगं नाव फोडत नाही, म्हणजे येणारा साहेब मोठा आहे. त्याने गावात फोन लावला.

थोड्या वेळात रान भरलं. गावातल्या प्रत्येक कार्यक्रमाचं सूत्रसंचालन करणारा भारत शाल, नारळ आणि माईक घेऊन आला. कोणीतरी खुर्चीवर टॉवेल अंथरला. खुर्चीत मात्र कोणी बसलं नाही. तेवढी रीत सगळ्यांना होती.

"बाजूला व्हा, शूटिंग चालूय!" सुमित ओरडला.

माणसं आणखी ताठ उभी राहिली.

ऊन उतरत चाललं, साहेब येईनात. भारत वैतागला. "आणलेली शाल वापस नेत न्हाईत, सुम्या. कोणाला तरी घालावीच लागंल."

गर्दीतून सुमितची आई बेबीनंदा म्हणाली, "बस की बाबा तूच. दुनियेचे सत्कार शूट करतो, तुझा कधी झाला?"

दोघांनी दंडाला धरून त्याला बसवलं. शाल पडली, नारळ मांडीवर आला. "आपल्या मातीतला महान दिग्दर्शक!" भारत माईकवर गरजला. फिल्म कोणीच पाहिलेली नव्हती, त्यामुळे हरकत घेण्यासारखं काही नव्हतं. बेबीनंदा सगळ्यात जोरात टाळ्या वाजवत होती.

खुर्चीमागे थोडं ऊन अजून शिल्लक होतं. आत्ता उठून सगळ्यांना हाकललं असतं, तर फिल्म होण्यासारखी होती. कॅमेऱ्यामागे कोणी नव्हतं.

रामकिसनला राहवलं नाही. तो कानाशी वाकला. "तुझं ते रिकामं राह्यलं ना रे? उठतो का जल्दी?"

"थांबा हो काका," सुमित मान न हलवता म्हणाला, "भारतभाऊचं भाषण तर होऊ द्या."